लांबडं, लसूण आणि फिनेल

सध्या आमच्या घराला वास येतो. दार उघडलं की आधी फिनेल, मग ठेचलेला लसूण, त्याच्यामागून ट्रंकेतल्या जुन्या शालूची आठवण करून देणारी डांबरगोळी, आणि पाहुणा चपला काढायला वाकला की सगळ्यात शेवटी गंधक. परवा कुरियरचा पोरगा उंबऱ्याबाहेरच थबकला. "काका, घरात कोणी सिरियस आहे का?" त्यानं विचारलं. मी म्हटलं, "छे, साप निघाला होता." त्यानं पाकीट पायपुसण्यावर ठेवलं आणि सही न घेताच जिना उतरला.

या वासाचा त्रास कोणाकोणाला होतो, हे मी बघून ठेवलंय. मला होतो. बायकोला होतो. दुपारच्या दुधाला आमच्याकडे येणारं मांजर आता समोरच्या बिऱ्हाडात जातं. ज्याच्यासाठी हा सगळा खर्च केला, त्याला मात्र काडीचाही फरक पडत नाही. हे ज्ञान मला एका चिवड्याच्या बरणीपाशी झालं, पण ते पुढे.

साप निघाला तो जुलैतल्या एका बुधवारी, बी विंगच्या पहिल्या मजल्यावर, बी-चारच्या चपलांच्या रॅकमध्ये. आमची सोसायटी पुण्याच्या कडेला, एका टेकडीच्या पायथ्याशी आहे. बिल्डरनं जाहिरातीत 'निसर्गाच्या कुशीत' असं छापलं होतं आणि त्या कुशीचे चौरस फुटामागे वेगळे पैसे लावले होते. निसर्ग पहिल्या मजल्यापर्यंत घरपोच मिळेल, हे काही माहितीपत्रकात नव्हतं.

पहिल्यांदा पाहिला तो कामाच्या मावशींनी. त्या ओरडल्या नाहीत. "वहिनी, तुमच्या सँडलीत किरडू बसलंय," एवढं सांगून त्या झाडू घेऊन आतल्या खोलीकडे वळल्या. ओरडण्याचं काम बी-चारच्या काकूंनी केलं, आणि इतकं चोख केलं की ए विंगमधली मंडळी सिलिंडर फुटला असं समजून गॅस बंद करून खाली धावली.

पाच मिनिटांत जिना भरला. वॉचमन काठी घेऊन आला. चेअरमन नातवाची बॅट घेऊन आले. सेक्रेटरी रजिस्टर घेऊन आले, कारण ते कुठेही रजिस्टर घेऊनच येतात. साप सँडलीच्या बक्कलाखाली गुंडाळून बसला होता आणि त्याचा दिसत होता तो फार तर चार बोटं भाग. तेवढ्यावर चर्चा सुरू झाली. कोणी नाग म्हणालं. कोणी घोणस म्हणालं आणि पुरावा म्हणून कुकरच्या शिट्टीसारखा फुत्कार काढून दाखवला. शेवटी काळपट अंग आणि पांढरट पट्टे बघून मण्यारीवर एकमत झालं. आमच्या सोसायटीत एकमतानं झालेला हा पहिला ठराव. लिफ्टच्या रंगाचा प्रश्न २०१९ पासून पडून आहे.

बी-चारच्या काकू वरच्या पायरीवर उभ्या राहून फोन करत होत्या. "मण्यार गं, मण्यार! नागापेक्षा जहरी! सँडलीत पाय घालणार तेवढ्यात..." पाय घालणार होत्या ते मावशींनी पाहिलं नव्हतं, पण फोनवर ते चांगलं वाटत होतं.

तेवढ्यात सर्पमित्र आला. मी डोळ्यांसमोर दाढीवाला, गळ्यात काहीतरी घातलेला, कमी बोलणारा माणूस आणला होता. आला तो विशीतला पोरगा, पाठीवर जेवण पोचवणाऱ्या कंपनीची चौकोनी पिशवी. दोन ऑर्डरींच्या मधल्या वेळात साप पकडायचा. त्यानं पिशवीतून एक लोखंडी आकडा काढला आणि एक प्लास्टिकची बरणी. बरणीवर 'भाजक्या पोह्यांचा चिवडा' हे लेबल अजून तसंच होतं आणि झाकणाला खिळ्यानं भोकं पाडली होती. त्यानं आकड्यानं सँडल उचलली, बरणी आडवी धरली. अंधारं भोक दिसल्यावर साप आपण होऊन त्यात शिरला. झाकण लागलं. सगळं मिळून दहा सेकंद. बॅट वर उचललेल्या चेअरमनना ती खाली करायलाही सवड मिळाली नाही.

"कवड्या आहे," पोरगा म्हणाला. "बिनविषारी."

जिन्यात जी शांतता पसरली तिला सुटकेचा निःश्वास म्हणणं खोटेपणाचं होईल. बी-चारच्या काकूंचा तर चेहराच पडला. मण्यारीच्या तोंडातून वाचलेली बाई म्हणून तीन नातेवाईक आणि एक भिशी कळवून झाली होती.

"नक्की का?" चेअरमननी विचारलं.

"पट्टे बघा ना. कवड्याचे मानेपासून ठसठशीत असतात आणि शेपटीकडे पुसत जातात. मण्यारीचं उलटं. तिच्या डोक्याकडे पट्टे जवळजवळ नसतात, मागे शेपटीकडे जोडीजोडीनं येतात. आणि हा भिंतीवरून, पायपावरून चढतो. पाली खायला येतो वर."

"पण हे लांबून कसं ओळखायचं?"

"लांबून ओळखायचं नाही, काका. लांबूनच फोन करायचा."

सगळे हळूहळू पांगले. मी थांबलो. साप बरणीत आणि झाकण घट्ट असल्यावर माझं निसर्गप्रेम उफाळून येतं. बरणी जिन्याच्या कठड्यावर ठेवली होती. मी नाक काचेला, म्हणजे प्लास्टिकला, जवळजवळ टेकवलं. जेमतेम हातभर लांबीचं ते जनावर, आपल्या करंगळीएवढं जाड. कॉफीच्या रंगाचं अंग आणि त्यावर मळक्या कवड्यांची माळ ओवल्यासारखे पट्टे. डोळे काळेभोर, मण्यासारखे, आणि पापणी नाही. सापाला पापण्या नसतातच; डोळ्यावर एक पारदर्शक खवला चष्म्याच्या भिंगासारखा कायमचा बसवलेला असतो. कात टाकायच्या आधी हा खवलाही दुधाळ होतो, तेव्हा काही दिवस सापाला धड दिसत नाही आणि तो चिडचिडा होतो. मोतीबिंदू पिकलेले माझे एक आतेमामा होते, त्यांच्यावरून मला हे लगेच पटलं.

मग त्यानं जीभ काढली. तोंड न उघडता. वरच्या ओठाच्या मधोमध एक खाच असते, तिच्यातून ती दुहेरी, काळसर, दोऱ्यासारखी जीभ बाहेर आली, वरखाली दोनतीनदा थरथरली आणि आत गेली. पुन्हा आली, पुन्हा गेली.

"तुमचा वास घेतोय," पोरगा म्हणाला.

म्हणजे माझी चाचपणी चालू होती. मला आजवर वाटायचं, साप जीभ काढतो ते आपल्याला घाबरवायला. पण ती जीभ हवेतले वासाचे कण वेचून आणते आणि तोंडात टाळूला असलेल्या एका खास इंद्रियाच्या हवाली करते. जेकबसन नावाच्या डॅनिश शल्यवैद्यानं एकोणिसाव्या शतकाच्या सुरुवातीला त्याचं वर्णन केलं, म्हणून ते जेकबसनचं इंद्रिय. सापाला नाकही आहे, पण खरी तपासणी इथे होते. आणि जिभेला दोन टोकं अशासाठी की डाव्या टोकावर वास जास्त आला की उजव्यावर, हे ताडून बघता यावं. उंदीर डावीकडे गेला की उजवीकडे, हे त्याला जिभेच्या टोकांवर कळतं. आपल्याकडे दोन जिभांच्या माणसाला लबाड म्हणतात. सापाच्या दोन जिभा मात्र एकमेकींचा खरेखोटेपणा तपासायला असतात. असो. माझा वास त्यानं चारपाच वेळा घेतला. त्यात सकाळचा चहा असणार, खारी असणार, आणि बरीचशी भीती असणार. मी पाल नाही आणि खाण्याजोगाही नाही, असा निकाल करून तो बरणीच्या तळाशी गुंडाळून बसला. इतक्या झटकन आणि इतक्या विनाअट मला आजवर कोणी नाकारलेलं नाही.

पोरानं वनखात्याला फोन करून नोंद दिली. मग तो म्हणाला, संध्याकाळी मागच्या टेकडीच्या उतारावर सोडतो.

"मागच्या?" चेअरमन वरून ओरडले. "जरा मुळशीच्या पलीकडे नेऊन सोडा की!"

पोरानं समजावलं की सापाला त्याच्या ओळखीच्या भागातून उचलून लांब टाकलं तर त्याला लपायची जागा कळत नाही, खायचं कुठे मिळेल ते कळत नाही, बहुतेकदा तो मरतो. चेअरमननी या मुद्द्यावर सहानुभूती दाखवली नाही. त्यांच्या मुलाची नुकतीच नागपूरला बदली झालेली आहे, तरी.

जाता जाता पोराला सगळ्यांनी तोच प्रश्न विचारला: साप येऊ नये म्हणून काय करायचं? तो म्हणाला, "अडगळ काढा. उंदीर, पाली कमी करा. दाराखालच्या फटी बुजवा. ड्रेनेजच्या झाकणांना जाळी बसवा."

"ते झालंच हो," सेक्रेटरी म्हणाले, "पण काही औषध?"

डॉक्टर म्हणाले रोज चाला, तळलेलं बंद करा, तर आपण विचारतो, ते झालंच हो, पण काही गोळी? अगदी त्या सुरात. पोरगा खांदे उडवून निघून गेला. त्याची पुढची ऑर्डर थंड होत होती.

औषधं मग आम्ही आमची शोधली. रविवारी खास सभा झाली. आमच्या वार्षिक सभेला गणसंख्या जमत नाही म्हणून ती अर्धा तास तहकूब करून पुन्हा भरवावी लागते. या सभेला भाडेकरूसुद्धा आले. प्रत्येकाकडे एक उपाय होता आणि प्रत्येक उपायाला एक मामा होता. म्हणजे "आमच्या मामांच्या मळ्यात" इथून सुरुवात. एकांच्या मामांनी लसूण ठेचून घराभोवती टाकला होता. दुसऱ्यांच्या मामांनी रॉकेल शिंपडलं होतं. तिसऱ्यांच्या मामांनी मोहरी मंत्रून टाकली होती आणि चौथ्यांच्या मामांना साप चावला होता, पण ते वेगळ्या कारणानं, असं सांगण्यात आलं. ए-नऊच्या ताईंनी दारात सर्पगंधा लावायचं सुचवलं. ती मी खरोखरच शोधली. तिच्या मुळांपासून रक्तदाब उतरवायचं औषध निघतं, हे अगदी खरं आहे. तेव्हा ती दारात असावी. साप दिसल्यावर उपयोगी पडेल. आपल्याला.

ठराव असा झाला की सगळंच करायचं. फिनेल ग्राउंड फ्लोअरला, डांबरगोळ्या जिन्यात, गंधक ज्याच्या त्याच्या उंबऱ्यावर, लसूण ऐच्छिक.

मी उभा राहून म्हटलं, "पण हे वास आपल्याला उग्र वाटतात. सापाला वाटतील कशावरून?" कोणी लक्ष दिलं नाही. अमेरिकेत नॅप्थलीन, म्हणजे आपली डांबरगोळी, आणि गंधक मिसळून रीतसर डब्यातून सापरोधक पावडर विकली जाते. तिकडच्या अभ्यासकांनी ती जमिनीवर पसरून साप सोडून पाहिले, तर साप तिच्यावरून निवांत चालते झाले. सापाला वास येत नाही असं नाही. आपल्यापेक्षा बारीक येतो. पण वास येणं वेगळं आणि वासानं गाव सोडून जाणं वेगळं. शेजारी बोंबील भाजत असतील तर आपल्याला वास येतो. म्हणून आपण फ्लॅट विकतो का? सापाला पालीच्या, उंदराच्या, बेडकाच्या वासाशी कर्तव्य असतं. बाकी सगळं त्याला शेजारचे बोंबील. शिवाय जुलैत पुण्याला जो पाऊस लागतो त्यात आमचं फिनेल सकाळी टाकलं की दुपारी नाल्यात असायचं. नाला स्वच्छ झाला, एवढं मात्र खरं.

वासानं साप पळवायचा सगळ्यात मोठा खटाटोप मी वाचलाय तो पॅसिफिक महासागरातल्या ग्वाम बेटावरचा. दुसऱ्या महायुद्धानंतर तिथे मालाबरोबर एक तपकिरी झाडसाप शिरला आणि त्यानं बेटावरचे पक्षी जवळपास संपवले. त्याच्यावर शास्त्रज्ञांनी दालचिनीच्या तेलाचा फवारा मारून पाहिला, तर साप खरंच तडफडून पळाला. पण थेट अंगावर मारावा लागतो. म्हणजे साप तीन फुटांवर आला पाहिजे, मग आपण म्हणायचं, जरा थांब, आणि दालचिनीचं तेल काढायचं. पुढे २०१३ मध्ये तिथल्या लोकांनी मेलेल्या उंदरांत ८० मिलिग्रॅम पॅरासिटामॉल भरून ते हेलिकॉप्टरमधून, कागदी झिरमिळ्या बांधून, झाडांवर सोडले. दोन हजार उंदीर. त्या सापाला ताप उतरवायची गोळी विषासारखी बाधते. हे मी सभेत सांगितलं तेव्हा पहिल्यांदाच सगळ्यांनी कान टवकारले. सेक्रेटरींनी हेलिकॉप्टरचं कोटेशन मागवायचं का, असं लिहून घ्यायला सुरुवात केली. मला सांगावं लागलं की आपल्याकडे १९७२ च्या वन्यजीव संरक्षण कायद्यानं साप मारणं गुन्हा आहे आणि कवड्या काही आपले पक्षी खात नाही. तो पाली खातो. आणि पाली सगळ्यात जास्त, हे मी बोललो नाही, पण सेक्रेटरींच्याच ट्यूबलाइटभोवती आहेत.

या सगळ्या गोंधळात माझ्या सासूबाई तेवढ्या शांत होत्या. त्या मूळच्या रत्नागिरीकडच्या. कातळावरच्या धोंड्याखाली फुरसं असतं, म्हणून धोंडा उचलताना आपल्याकडची बाजू नव्हे तर पलीकडची उचलायची, हे त्यांना अक्षरओळखीच्या आधी शिकवलेलं. इंग्रजी अमलात त्या जिल्ह्यात फुरसं मारून आणणाऱ्याला सरकारी बक्षीस मिळायचं आणि लोकांनी ती ढिगानं नेऊन दिली. इंग्रज गेले. फुरशी आहेत. सासूबाईंचं धोरण याच अनुभवातून आलेलं. त्या फक्त दोन गोष्टी पाळतात. रात्री बाहेर जाताना हातात बॅटरी आणि काठी, आणि सापाचं नाव घ्यायचं नाही. 'लांबडं' म्हणायचं, किंवा 'जनावर'.

"नाव घेतलं की ऐकतं ते," त्या म्हणाल्या.

मी हसलो. जावयानं हसू नये तिथे मी हमखास हसतो. "अहो, त्याला कानच नाहीत."

हे अर्धवट खरं आहे, आणि अर्धवट खऱ्यावर हसणाऱ्याची जी गत होते ती माझी झाली. सापाला बाहेरचा कान नाही, कानाचा पडदा नाही. आतला कान मात्र आहे, आणि एका काडीएवढ्या हाडानं तो जबड्याशी जोडलेला आहे. साप हनुवटी भुईला टेकून पडलेला असतो. भुई हादरली की जबडा हादरतो, जबड्यातून ते हाड हादरतं आणि निरोप पोचतो. वरच्या मजल्यावर रात्री अकराला कपाट सरकवतात ते आपण जसं ऐकतो, तसं तो सगळं जग ऐकतो. म्हणून गारुड्याच्या पुंगीची आणि नागाची ओळख फक्त तोंडदेखली. नाग डोलतो तो पुंगीच्या टोकावर नजर ठेवून. गारुडी हलला की तो हलतो. पुंगी न वाजवता नुसती हलवली तरी तो डोलेल. आपल्या वरातीतला दातात रुमाल धरून होणारा नागीण डान्स म्हणजे या गैरसमजावर दोन पिढ्यांनी घातलेला घाम. संस्कृतवाल्यांना हे कोडं बहुधा पडलं असावं. कान तर दिसत नाही, मग ऐकतो कशानं? त्यांनी त्याचं नावच ठेवून टाकलं, चक्षुःश्रवा. डोळ्यांनी ऐकणारा. पुंगीपुरतं बघाल तर या नावाला तोड नाही.

पण सासूबाईंचं काय? तर डेन्मार्कमध्ये २०१२ साली काही शास्त्रज्ञांनी अजगराच्या एका छोट्या जातीवर प्रयोग केले. हवेतून येणारा आवाजही त्याच्या कवटीला थोडा हलवतो आणि तेवढं त्याला कळतं, असं निघालं. उंच स्वर नव्हे, खर्जातलेच. त्याला सगळ्यात बरं कळतं ते सेकंदाला साधारण ८० ते १६० कंपनांच्या पट्ट्यात. आता गंमत अशी की पुरुषाच्या बोलण्याचा मूळ स्वर बरोबर याच पट्ट्यात असतो. बाईचा त्याच्या वर. म्हणजे सासूबाईंच्या नियमाला शास्त्राधार सापडतो, पण अर्धाच: पुरुषांनी नाव घेऊ नये, बायकांनी खुशाल घ्यावं. अजगराचं मत कवड्यानं मान्य केलं पाहिजे असं नाही, आणि अगदी कानाशी जाऊन बोलल्याशिवाय फार काही पोचत असेल असंही नाही. पण हे मी पुढच्या सभेत सांगायला नको होतं. माझा विनोद होता. चेअरमनचा आवाज भजनी मंडळात खर्ज लावणारा आहे. ते एकदम गप्प झाले आणि सभा संपेपर्यंत चिठ्ठ्या लिहूनच बोलले.

त्याच सभेत ए-दोनच्या इंजिनियर मुलानं एक यंत्र दाखवलं. सौर ऊर्जेवर चालतं, जमिनीत रोवायचं, आणि त्यातून म्हणे अल्ट्रासॉनिक लहरी निघतात, साप पळतो. किंमत नगाला बाराशे, चार नग घेतल्यास सवलत. आता बघा. सापाला ऐकू येतं ते खर्जातलं. अल्ट्रासॉनिक म्हणजे माणसालाही ऐकू येणार नाही इतकं वरचं. म्हणजे हे यंत्र लावणाऱ्यालाही ऐकू येत नाही आणि ज्याच्यासाठी लावलं त्यालाही नाही. ऐकू येतं ते कुत्र्याला. चार यंत्रं बसली, आणि तेव्हापासून सी-एकचं पॉमेरेनियन संध्याकाळी पार्किंगमध्ये यायला नकार देतं. यंत्राची जाहिरात अगदीच खोटी नव्हती, गिऱ्हाईक चुकलं एवढंच.

सासूबाईंच्या काठीकडे मी नंतर वेगळ्या नजरेनं पाहिलं. त्या अंधारात दर पावलाला ती आपटत चालतात. मराठीत आपण एखाद्याची थट्टा करतो, साप साप म्हणून भुई धोपटतोय. आता सापाच्या जबड्याच्या बाजूनं विचार करा. लसणाची त्याला पर्वा नाही, डांबरगोळीशी त्याचं देणंघेणं नाही, बाराशेचं यंत्र त्याला ऐकू येत नाही. या सगळ्यात त्याच्यापर्यंत हमखास पोचतं ते एकच, धोपटलेली भुई. आपल्या भाषेनं शतकानुशतकं ज्याला मूर्खपणाची उपमा दिली, त्या सगळ्या खटाटोपात तेवढीच गोष्ट सापाच्या पत्त्यावर जाते.

एक गोष्ट मात्र थट्टेत सांगता येत नाही. आपल्या देशात २००० ते २०१९ या वीस वर्षांत सर्पदंशानं सुमारे बारा लाख माणसं गेली, वर्षाला सरासरी अठ्ठावन्न हजार. मण्यार रात्री येते आणि जमिनीवर झोपलेल्या माणसाला चावते. दंश इतका बारीक की कित्येकांना जागच येत नाही. पहाटे पोटात दुखतं, पापण्या जड होतात. अशा वेळी मामांचे उपाय करायचे नाहीत. चिरायचं नाही, चोखायचं नाही, करकचून बांधायचं नाही; हातपाय न हलवता सरकारी दवाखाना गाठायचा, प्रतिविष तिथे असतं. आणि अंथरुणाभोवती नीट खोचलेली मच्छरदाणी लावली तर मण्यारही बाहेर राहते, डासही. आमच्या मावशी पत्र्याच्या खोलीत राहतात. त्यांनी त्या दिवशी एवढंच विचारलं, "दादा, तुमच्याकडं जुनी मच्छरदाणी आहे का?" ती दिली. सभेत सुचलेल्या सगळ्या उपायांपेक्षा हा एकटा बरा होता, आणि तो मावशींनी सुचवला.

आता राहता राहिलं अडगळीचं. सोसायटीच्या मागच्या भिंतीला, टेकडीच्या बाजूला, टाइल्सचा एक ढीग आहे. चेअरमननी २०१६ मध्ये स्वयंपाकघर नवं केलं, त्यातल्या उरलेल्या टाइल्स, जोडीला एक फुटलेलं बेसिन, पोत्यातलं अर्धं सिमेंट जे आता पोत्याच्या आकाराचा दगड झालंय, आणि एक दरवाजा. त्या ढिगाखाली घुशींनी बिळं केलीत. बहुतेक साप स्वतः बीळ खणत नाहीत. आयत्या बिळावर नागोबा ही म्हण म्हणजे प्राणिशास्त्राचं एक अचूक वाक्य आहे. घुशी आहेत म्हणून साप येणार, घुशींनी घर बांधून ठेवलंय म्हणून साप राहणार. पावसानं टेकडीवरची बिळं पाण्यानं भरली की खाली उतरून पहिला पत्ता तोच. एवढी सरळ गोष्ट मी सभेत मांडली. चेअरमननी चिठ्ठीवर लिहिलं, "टाइल्स लागतील." कधी, असं मी विचारलं. त्यांनी लिहिलं, "कधीतरी."

मग पुढचे दोन महिने लसूण चालू राहिला.

काल दुपारी साडेतीनला फोन वाजला. चेअरमनच्या घरचा नंबर, पण आवाज वहिनींचा, आणि तोही दबका.

"भावजी, हे म्हणतायत त्यांनी बोलायला नको, म्हणून मी बोलतेय. लांबडं आहे."

"कुठे?"

"टाइल्सवर. ऊन खात पडलंय. चांगलं सहा फूट. त्या पोराला फोटो पाठवला, तर तो म्हणाला धामण आहे, घुशींसाठी आली असेल, काही करत नाही, जाईल आपली आपण."

"मग जाऊ दे की."

"हो, तेच म्हटलं मी यांना."

त्यांच्या मागून एक आवाज येत होता. धप्. मग थोडी विश्रांती. पुन्हा धप्. धप्.

"वहिनी, हा आवाज कसला?"

"हे. बॅट घेऊन गेलेत मागे. भुई धोपटतायत."

"आणि धामण?"

"ती केव्हाच गेली," वहिनी म्हणाल्या. "पहिल्या दणक्यालाच. आता यांना कोणीतरी थांबवा."